बंडखोरांची बालगीते

प्रौढांच्या मनाला चटका लावणारी आणि रूढ संकेतांशी फटकून वागणारी कला ज्यांनी वर्षानुवर्षे उपासली, ते कलावंत अकस्मात मुलांसाठी गाणी रचू लागले, म्हणजे रसिकांत कुजबुज सुरू होते. कोणी म्हणतो, मोठ्यांनी पाठ फिरवली म्हणून हे मुलांकडे वळले. कोणी म्हणतो, स्वतःला मुले झाली आणि धार गेली. या दोन्ही तर्कांनी मूळ प्रश्नाला बगल दिली जाते, असे माझे मत आहे. आणि ते स्पष्ट करण्यासाठी दोन जोड्यांची हकीकत सांगणे मला इष्ट वाटते. त्यांपैकी एक जोडी अमेरिकेतील ब्रुकलिनची आणि दुसरी आपल्या पुण्याची.

मॅसॅच्युसेट्समधील लिंकन गावचे शाळासोबती जॉन फ्लान्सबर्ग आणि जॉन लिनेल यांनी 1982 साली न्यूयॉर्क मुक्कामी ‘दे माइट बी जायंट्स’ या नावाने वाद्यवृंद उभा केला. मोठ्या कंपन्यांच्या ठरीव साच्यात न बसणारे, छोट्या प्रकाशकांच्या व विद्यार्थ्यांच्या आकाशवाणीच्या आश्रयाने वाढलेले गिटार-ड्रम्सचे जे संगीत पुढे ‘आल्टरनेटिव्ह रॉक’ म्हणून मान्यता पावले, त्याच प्रवाहात हे दोघे वाढले. फरक एवढाच की यांच्या गिटारीशेजारी अकॉर्डियन असे. टेलिफोनला जोडलेल्या यंत्रावर ते आपली नवनवी गाणी भरून ठेवीत, आणि ब्रुकलिनमधील तो क्रमांक फिरवणाऱ्यास साध्या टेलिफोनच्या खर्चात गाणे ऐकावयास मिळे. 1990 च्या ‘फ्लड’ या संचातील त्यांचे सर्वांत गाजलेले गीत ‘बर्डहाउस इन युअर सोल’ हे तर मुलाच्या खोलीत रात्री जळणाऱ्या चिमुकल्या दिव्याच्या तोंडी घातलेले आहे. म्हणजे ज्या वेळी हे दोघे निव्वळ मोठ्यांसाठी गात होते, त्याही वेळी त्यांच्या प्रतिभेच्या माजघरात एक मूल जागे होते.

2002 साली त्यांनी ‘नो!’ हा मुलांसाठीचा पहिला संच काढला. 2005 मध्ये मुळाक्षरांचा, 2008 मध्ये अंकांचा आणि 2009 मध्ये विज्ञानाचा असे संच त्यापाठोपाठ आले, आणि अंकांच्या संचाला 2009 चे बालसंगीताचे ग्रॅमी पारितोषिक लाभले. परंतु पारितोषिकाहून मला महत्त्वाची वाटते ती विज्ञानसंचातील एक गोष्ट. सूर्य हा तप्त वायूचा गोळा आहे असे सांगणारे 1959 सालचे एक जुने बालगीत हे दोघे कित्येक वर्षे गात आलेले होते. विज्ञानसंचात त्यांनी ते पुन्हा घेतले आणि त्याला लागूनच दुसरे नवे गीत रचून मुलांना सांगितले की सूर्य वायूचा नसून प्लाझ्माचा आहे, सबब पूर्वीचे विधान दुरुस्त समजावे. पाच-सात वर्षांच्या श्रोत्यांसमोर आपल्याच गाण्यातील चूक प्रकटपणे सुधारणे हे त्या श्रोत्यांच्या बुद्धीचा आदर केल्यावाचून घडत नाही.

हा आदर आपल्या मराठीला परका नाही. ‘स्वेदगंगे’ने 1949 मध्ये काव्यसृष्टीत प्रवेश केलेले, दाहक आणि वैचारिक कवितेचे धनी असलेले विंदा करंदीकर यांनी 1961 मध्ये ‘राणीची बाग’ आणि 1963 मध्ये ‘एटू लोकांचा देश’ मुलांच्या हाती दिला. त्यांनी मुलांसाठी आपला विक्षिप्तपणा सौम्य केला नाही. उलट, प्रौढ कवितेत जी मोकळीक त्यांना विचारांच्या ओझ्यामुळे घेता आली नसती, ती या उलट्या चालीच्या देशात त्यांनी मनमुराद घेतली, आणि पुढे पिशी मावशीच्या निमित्ताने भुतांनाही मुलांच्या घरात बोलावले. करंदीकर, वसंत बापट आणि मंगेश पाडगावकर ही त्रयी गावोगाव फिरून काव्यवाचन करी, आणि या तिघांनीही मुलांसाठी लिहिले, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे. पाडगावकरांचे ‘सांग सांग भोलानाथ’ मीना खडीकरांनी मुलांच्याच कोवळ्या आवाजांत गाऊन घेतले, आणि तेव्हापासून ते महाराष्ट्राच्या प्रत्येक पावसाळ्यात शाळकरी मुलांच्या तोंडी असते.

दुसरी जोडी कवी संदीप खरे आणि संगीतकार डॉ. सलील कुलकर्णी यांची. 2003 पासून ‘आयुष्यावर बोलू काही’ या कार्यक्रमाद्वारे विरह, एकटेपणा आणि शहरी जीवनातील कोंडी यांची गाणी घेऊन ते नाट्यगृहांत उभे राहिले. यांना रॉक गायक कोणी म्हणणार नाही. परंतु चित्रपटाच्या आधाराविना, स्वतःचे शब्द आणि स्वतःच्या चाली घेऊन श्रोत्यांशी थेट नाते जोडण्याची त्यांची रीत ब्रुकलिनच्या जोडीशी बरीच मिळतीजुळती आहे. त्यांनीच पुढे ‘अग्गोबाई ढग्गोबाई’ हा बालगीतांचा संच दिला, आणि त्यातील ढगांचा गडगडाट घराघरांतून घुमू लागला.

त्यांच्या ‘दूरदेशी गेला बाबा’ या गीतात बाप परदेशी, आई कामावर, आणि झोपेला आलेले मूल घरात एकटे आहे. हे गीत पुण्याच्या सदनिकेतले वाटते. पण मौजे वाटूर, तालुका परतूर, येथे बसून ऐकले म्हणजे त्याचा अर्थ पालटतो. जालना-मंठा रस्त्यावरच्या या भागातून दिवाळी सरली की मुकादमाची उचल घेतलेली कुटुंबे ऊसतोडीसाठी पश्चिम महाराष्ट्राकडे आणि कर्नाटकाकडे निघतात. काही मुले आईबापांबरोबर फडावर जातात, तर काही आजीच्या हवाली होऊन गावीच राहतात. मागे राहिलेल्या मुलाला हे गीत परके वाटण्याचे काही कारण नाही. दुःख मुलांपासून लपवून ठेवावे, हा बालसाहित्यातील जुना शिरस्ता संदीप-सलील यांनी मोडला, आणि मोडला तेच योग्य केले.

या मुलखाला छापील मराठी बालगीत उशिराच लाभले. 1948 च्या सप्टेंबरपर्यंत येथे निजामाचा अंमल, आणि माध्यमिक शिक्षणाचे माध्यम उर्दू. परतूर तालुका तर 1981 मध्ये जालना जिल्हा निर्माण झाला तेव्हा परभणीतून तोडून इकडे जोडला गेला. तोवर मुलांचे गाणे सांभाळले ते जात्यावरच्या ओवीने, पोळ्याच्या झडत्यांनी आणि आयाबायांच्या बडबडगीतांनी.

या बडबडगीतांची एक तांत्रिक बाजू आहे आणि तिच्याकडे आपल्या तरुण वादकांनी अवश्य लक्ष द्यावे. मराठी बालगीत बहुधा आठ मात्रांच्या आवर्तनावर चालते. आठ-आठ मात्रांच्या पादाकुलकाची चाल मुलाच्या जिभेवर आपोआप बसते, आणि तबल्यावरचा केरवाही आठ मात्रांचाच. रॉक संगीताचा चार ठोक्यांचा ताल या मोजणीत बिनतक्रार सामावतो. मुलाच्या गळ्याचा पल्ला सुमारे एका सप्तकाचा, हे पथ्य पाळून चाल बांधली, तर इलेक्ट्रिक गिटार आणि ड्रम्स यांच्या साथीने मराठी मूल तितक्याच सहजतेने गाईल. मुंबईच्या ‘अभंग रिपोस्ट’ या वाद्यवृंदाने संतांच्या अभंगांना गिटार-ड्रम्सची जोड दिली, तेव्हा अभंगाची लय कोठे अडखळली नाही. मग बालगीताची का अडखळावी?

छत्रपती संभाजीनगर, जालना, परभणी येथील महाविद्यालयांतून आज गिटार हाती घेतलेली पुष्कळ मुले-मुली दिसतात. त्यांना माझी आग्रहाची विनंती आहे की, आपली अस्वस्थता, आपला विक्षिप्तपणा आणि आपले प्रश्न यांतले काहीही कमी न करता त्यांनी मुलांसाठी एक संच करावा. आणि त्याचा पहिला प्रयोग मोठ्या शहराच्या नाट्यगृहात न करता वाटूरसारख्या गावच्या जिल्हा परिषद शाळेच्या पटांगणावर करावा, तोही दिवाळीपूर्वी, सारी मुले गावात असताना.