पोटातली नळी : सही करण्यापूर्वी

पक्षाघातानंतर गिळता येईनासे झाले की आधी नाकातून नळी घालतात. चार-सहा आठवडे ती चालते. त्यापुढे डॉक्टर 'पेग' म्हणतात आणि आपण घरचे हादरतो : पोटाला भोक? प्रत्यक्षात दुर्बिणीने पाहून पोटावर छोटेसे छिद्र घेतात; साधारण अर्ध्या तासाचे काम, पूर्ण भूलही बहुधा लागत नाही. १९७९ साली अमेरिकेत क्लीव्हलंडला ही पद्धत प्रथम एका तान्ह्या बाळावर वापरली गेली.

पुढची देखभाल आपल्याकडेच. अन्न देताना आणि नंतर निदान अर्धा-पाऊण तास डोके उंच ठेवावे, आधी व नंतर नळीतून पाणी सोडावे. नळी निसटली तर लगेच रुग्णालय गाठावे. छिद्र काही तासांतच आक्रसू लागते.

सहीपूर्वी (आम्हां बँकवाल्यांची सवय) एवढे विचारावे : गिळणे परत येईल का? आले, तर नळी काढताही येते. स्मृतिभ्रंशाच्या शेवटच्या टप्प्यात मात्र नळीने आयुष्य वाढत नाही, अन्न श्वासनलिकेत जाऊन होणारा न्यूमोनियाही टळत नाही. तिथे चमच्याने, खाईल तेवढेच भरवावे, असे वृद्धरोगतज्ज्ञ सांगतात. 'आईला उपाशी ठेवले' म्हणणारे नातेवाईक भेटतातच. त्यांना हे आधीच सांगून ठेवावे.