मेल सर्व्हर विकत घेण्यापूर्वी
मोफत चाचणीच्या मुदतीत कंपनीच्या मूळ डोमेनला हात लावू नका. वेगळ्या सबडोमेनचा एमएक्स रेकॉर्ड नव्या सर्व्हरकडे वळवा आणि मोजक्या सहकाऱ्यांचे रोजचे काम त्यावर चालवा. एसपीएफ, डीकेआयएम, डीमार्क या नोंदी करून बाहेर मेल पाठवा. तो स्पॅममध्ये जात नाही ना, ते पाहा. जीमेलच्या पत्त्यांवर दिवसाला ५,००० किंवा अधिक मेल पाठवणाऱ्यांना फेब्रुवारी २०२४ पासून या तिन्ही नोंदी सक्तीच्या आहेत. जुने मेल आयमॅपने फोल्डरसकट आणून बघा. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, चाचणीचा एक मेलबॉक्स मुद्दाम पुसून बॅकअपमधून परत मिळवा. हे जमले नाही, तर बाकी सोयी कितीही आकर्षक असोत, ते सॉफ्टवेअर घेऊ नका.