एर्मानो ओल्मी : कष्टकऱ्यांचा दिग्दर्शक

जन्म : १९३१, बेर्गामो. निधन : २०१८, आसियागो.

ओल्मींनी कॅमेरा हाती घेतला तो मिलानमधल्या एडिसन-व्होल्टा या वीज कंपनीत नोकरी करताना. कंपनीची धरणं आणि तिथले कामगार यांच्यावर त्यांनी अनेक माहितीपट केले. पहिला कथापटही (१९५९) बर्फात अडकलेल्या धरणावरच्या दोन पहारेकऱ्यांचा. 'इल पोस्तो' (१९६१) हा पहिल्या नोकरीत पाऊल ठेवणाऱ्या पोराचा. कचेरीतलं एकटेपण इतक्या मायेनं क्वचितच कुणी टिपलं असेल.

त्यांचं शिखर मात्र 'लाल्बेरो देल्यी त्सोक्कोली' (१९७८). शाळेत चालत जाणाऱ्या मुलाचा लाकडी जोडा मोडतो. नवा करायला बाप जमीनदाराचं झाड तोडतो आणि सगळ्या कुटुंबाला घर सोडावं लागतं. भूमिका बेर्गामोकडच्या खऱ्याखुऱ्या शेतकऱ्यांनी केल्या, त्यांच्याच बोलीत. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, सगळं ओल्मींचं. तीन तासांच्या या चित्रपटाला कान महोत्सवात सर्वोच्च 'पाम द'ओर' मिळालं, आणि ते सर्वस्वी योग्यच होतं.

व्हेनिसचा सुवर्णसिंह १९८८ मध्ये, जोसेफ रोथच्या कथेवरील चित्रपटासाठी. २००८ मध्ये जीवनगौरव म्हणून पुन्हा.