संशयकल्लोळ

संशयकल्लोळ : गोविंद बल्लाळ देवल (१८५५–१९१६) ह्यांचे विनोदी संगीत नाटक. परकीय कथानक मराठीत येऊन पिढ्यान्‌पिढ्या प्रेक्षकप्रिय राहिल्याचे हे ठळक उदाहरण होय. देवलांचा जन्म सांगलीनजीकच्या हरिपूरचा. ह्याच सांगलीत विष्णुदास भावे ह्यांनी १८४३ मध्ये सीतास्वयंवर हा खेळ केला होता.

नाटकाचे मूळ मोल्येर ह्या फ्रेंच नाटककाराच्या स्गानारेल (१६६०) ह्या एकांकी सुखात्मिकेत आहे. तिच्या आधारे आर्थर मर्फी ह्याने ऑल इन द राँग (१७६१) हे इंग्रजी नाटक लिहिले. त्यावरून देवलांनी फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा (१८९३) हे गद्य नाटक रचले व पुढे त्यास संगीत नाटकाचे रूप दिले. देवलांच्या निधनानंतर १९१६ मध्येच गंधर्व नाटक मंडळीने ते रंगभूमीवर आणले. त्यातील बालगंधर्वांची रेवती आणि गणपतराव बोडस ह्यांचा फाल्गुनराव ह्या भूमिका गाजल्या.

मूर्च्छित रेवतीला फाल्गुनराव सावरतो, ते त्याची पत्नी कृत्तिका पाहते. रेवतीजवळची अश्विनशेठची तसबीर कृत्तिकेच्या हाती लागते आणि ती न्याहाळताना फाल्गुनराव तिला पाहतो. येथून दोन्ही जोडप्यांत संशयाचे जाळे विणले जाते. ह्यात लबाड कोणीच नाही. प्रत्येकाने डोळ्यांनी पाहिलेले खरे असते, काढलेला अर्थ मात्र खोटा असतो. प्रेक्षकाला सर्व ठाऊक असल्याने गुपित फुटल्यावरही नाटकातील गंमत ओसरत नाही.

दूरचित्रवाणीवरील ध्वन्यारोपणात संवादांची भाषा बदलते, दृश्य परकेच राहते. नाइट रायडर (१९८२–८६) ही अमेरिकन साहसमालिका लॅटिन अमेरिकेतील स्पॅनिशभाषक प्रेक्षकांना एल आउतो फांतास्तिको ह्या नावाने अशीच आपलीशी वाटली. देवलांनी मात्र भाषेबरोबर समाजही बदलला. फाल्गुनराव, अश्विनशेठ, भादव्या ही पुरुषांची नावे महिन्यांवरून, तर कृत्तिका, रेवती, मघा ही स्त्रियांची नावे नक्षत्रांवरून घेतली. मुख्य म्हणजे नायिका नायकिणीची मुलगी केली. अशा मुलीने एकाच पुरुषाशी लग्न करून संसार थाटावा, ह्यावर तत्कालीन समाजाचा विश्वास बसणे कठीण होते. त्यामुळे अश्विनशेठच्या संशयाला तसबिरीइतकाच समाजातील पूर्वग्रहाचाही आधार मिळतो आणि रेवतीची निष्ठा पणाला लागते. स्त्रीच्या शब्दावर विश्वास ठेवायचा की नाही, हा गंभीर प्रश्न विनोदाच्या तळाशी राहतो.

साधे, घरगुती संवाद आणि प्रसंगातून सहज उमलणारी पदे ह्यांमुळे नाटकाचा परकीय उगम जाणवत नाही. नाट्यपदे मैफलींतून स्वतंत्रपणेही गायिली जाऊ लागली. एकविसाव्या शतकात राहुल देशपांडे व प्रशांत दामले ह्यांच्या भूमिका असलेल्या प्रयोगांनी ह्या नाटकाची नव्या पिढीला ओळख करून दिली. शारदा (१८९९) ह्या स्वतंत्र सामाजिक नाटकाने देवलांना मोठी कीर्ती मिळाली. रूपांतरकार म्हणून त्यांच्या सामर्थ्याची साक्ष मात्र संशयकल्लोळ देते.