सोनं शेवटी येतं

सकाळी ७

नखं कापलेली, अंगठी काढून ठेवलेली, अंगात पूर्ण बाह्यांचा सदरा. कार्यशाळेने हे तिन्ही नियम आधीच कळवले होते आणि त्यांना कारण आहे. किन्त्सुगी म्हणजे फुटलेलं भांडं सांधून सांध्यावर सोनं लावण्याची जपानी कला. सांधतात ते उरुशीने, म्हणजे एका झाडाच्या चिकाने. हा चीक ओला असताना कातडीला लागला तर पुरळ उठतं, फोड येतात आणि खाज दिवसचे दिवस जात नाही. आपल्याकडे बिब्बा उततो तो असाच. बिब्बा, काजू, आंबा आणि उरुशीचं झाड ही सगळी एकाच कुळातली. आंब्याचा चीक लागून ओठाशेजारी उठणारा फोडही याच घराण्याचा.

मी कानाझावात आहे. जून महिना, जपानचा पावसाळा. त्यातून हे गाव मुळातच पावसाचं. जेवणाचा डबा विसरलात तरी चालेल, छत्री विसरू नका, अशी इथली म्हण आहे. छत्री घेऊन निघाले.

सकाळी ९

आसानो नदीजवळच्या एका अरुंद गल्लीत जुनं लाकडी घर. दुसऱ्या महायुद्धात या शहरावर बॉम्बफेक झाली नाही, म्हणून अशी घरं इथे अजून नांदती आहेत. दारात चपला काढायच्या, आत गेल्यावर हातमोजे घालायचे. शिकवणाऱ्या बाई साठीच्या पुढच्या. सगळे त्यांना सेन्सेई म्हणतात. त्या जपानीत बोलतात, त्यांची साहाय्यक इंग्रजीत सांगते.

पहिलंच वाक्य: “आज तुमच्या हातून एकही भांडं सुरुवातीपासून शेवटपर्यंत होणार नाही.” खऱ्या उरुशीने केलेल्या दुरुस्तीला दोन-तीन महिने सहज लागतात. म्हणून इथे सरावाची भांडी वेगवेगळ्या टप्प्यांवर तयार ठेवलेली असतात. सकाळी मी जो वाडगा चिकटवेन, त्याच्या खाचांत लांबी पुढे दुसरं कुणी भरेल. दुपारी मी ज्याला सोनं लावेन, तो आधी अनोळखी हातांनी चिकटवलेला असेल. याच मांडणीसाठी मी ही जागा निवडली होती.

सकाळी ९:३०

माझ्यासमोर चहाचा वाडगा, तीन तुकड्यांत. पहिलं काम कानशीचं. फुटलेल्या कडांची धार अगदी हलकी मोडायची, म्हणजे चिकाला बसायला जागा होते. मग कडांना कच्ची उरुशी लावून पुसून घ्यायची. नळीतून येते तेव्हा ती दुधाळ, फिकट तपकिरी असते. हवा लागली की डोळ्यांदेखत गडद होत जाते.

काचेवर गव्हाचं पीठ आणि पाणी. लाकडी पट्टीने मळत राहायचं, पुरणपोळीच्या कणकेइतकं सैल आणि चिवट होईपर्यंत. मग त्यात साधारण तितकीच उरुशी थोडी थोडी घालायची. पट्टी उचलली की तार धरायला हवी. याला मुगी-उरुशी म्हणतात आणि भांडं जोडणारा डिंक हाच. सोन्याचा इथे अजून पत्ताही नाही.

सकाळी १०:३०

डिंक कडांवर पातळ पसरून थोडा वेळ तसाच ठेवला. जरा ओढला गेला की मगच जोडायचं. दोन तुकडे एकमेकांना लावून दाबले. सांध्यातून गडद रेघ बाहेर आली. सेन्सेईंनी माझं बोट धरून नख सांध्यावरून आडवं फिरवलं. नख कुठेही अडकता कामा नये. केसाएवढी पायरी राहिली तरी तिसरा तुकडा बसत नाही, कारण चूक पुढच्या सांध्यावर दुपटीने येऊन पडते. डोळ्यांना सपाट दिसणारी जागा नखाला खडबडीत लागते. पुन्हा दाब, पुन्हा नख. शेवटी कागदी चिकटपट्ट्यांनी वाडगा बांधून टाकला.

सकाळी ११:३०

बांधलेला वाडगा मुरोत गेला. मुरो म्हणजे लाकडी कपाट, आत ओलं फडकं. हवेत ७० ते ८० टक्के आर्द्रता आणि २० ते ३० अंश तापमान. उरुशी वाळते ती पाणी उडून जाऊन नव्हे. तिच्यात लॅकेज नावाचं विकर असतं. दमट हवेत ते कामाला लागतं, हवेतला ऑक्सिजन घेतं आणि चिकाचं टणक आवरणात रूपांतर होतं. पुण्याच्या कोरड्या एप्रिलमध्ये ती चिकटच राहील. कोकणातला श्रावण तिला मानवेल. कानाझावात लाखेचं काम रुजलं त्याला या पावसाची साथ आहे. सांधा पक्का व्हायला एक-दोन आठवडे, कधी जास्तही लागतात.

हा चीकही सहज मिळत नाही. झाड दहा-पंधरा वर्षांचं झाल्यावर एका हंगामात त्याच्या सालीला चिरा देऊन चीक गोळा करतात. एका झाडापासून जेमतेम २०० मिलिलिटर मिळतो, आणि मग झाड तोडतात. बुंध्यातून नवे धुमारे फुटतात. जपानी उरुशीचं सर्वांत मोठं केंद्र इवाते प्रांतातलं जोबोजी. पण देशात वापरली जाणारी बहुतेक उरुशी चीनहून येते.

दुपारी १२:३०

डबा तिथेच खाल्ला. मागच्या फळीवर काळी, झिलई नसलेली भांडी, प्रत्येकाला नावाची चिठ्ठी. ती नोतोहून आली आहेत. १ जानेवारी २०२४ रोजी नोतो द्वीपकल्पात ७.६ तीव्रतेचा भूकंप झाला. लाखकामासाठी प्रसिद्ध वाजिमाचा सकाळचा बाजार आगीत गेला, आणि द्वीपकल्पाच्या टोकाला सुझू गावातल्या भट्ट्या कोसळल्या. सुझूची काळी भांडी बाराव्या शतकापासून पंधराव्यापर्यंत होत होती. मग ती परंपरा लोपली आणि १९७० च्या दशकात पुन्हा उभी राहिली.

या भांड्यांना सोनं लावणार का, असं मी विचारलं. सेन्सेई म्हणाल्या, “मालक सांगतील तसं. काहींना चांदी हवी असते, काहींना काळी उरुशीच पुरते. त्यांना त्यात पुन्हा जेवायचं असतं.”

किन्त्सुगी आपल्यापर्यंत बहुतेक सुविचार होऊन पोचली आहे: आपल्या जखमा सोन्याने मिरवा, वगैरे. त्या फळीसमोर मला ते अपुरं वाटलं. इथे आधी भांडं महत्त्वाचं. त्यात आमटी ओतली तर ती गळता कामा नये.

दुपारी १:३०

दुसरा वाडगा, आधी कुणीतरी चिकटवलेला. काठाचा टवका उडालेला. तोनोको नावाची दगडाची बारीक पूड पाण्यात कालवून तिच्यात उरुशी मिसळली की साबी-उरुशी होते. रंगारी भिंतीला लांबी भरतो तेच हे काम. थर पातळच द्यायचा. जाड दिला तर आतून ओला राहतो. मोठी खाच एका दमात भरत नाहीत. भरायची, मुरोत ठेवायची, घासायची, पुन्हा भरायची.

याच टप्प्याचा वाळलेला एक पेला घासायला दिला. पाण्यात भिजवलेला पॉलिश पेपर नखाएवढा कापून फक्त सांध्यावर फिरवायचा, शेजारच्या झिलईला ओरखडा न देता. पूर्वी यासाठी तोकुसा नावाची खरखरीत वनस्पती वापरत. अजूनही काही कारागीर वापरतात. दिवसातलं सर्वांत लांब आणि सर्वांत शांत काम हेच. घासून झाल्यावर डोळे मिटून बोट फिरवलं, तर सांधा कुठे आहे ते कळेना.

दुपारी ३

तिसरा वाडगा सोन्यासाठी तयार आहे. आधी लाल उरुशीची रेघ काढायची. तिच्यात लोहाचा गेरूसारखा लाल रंग असतो आणि त्यामुळे वरचं सोनं ऊबदार दिसतं. कोपर टेबलावर टेकवलेलं, कुंचला लांब, बारीक केसांचा. रेघ जाड झाली तर वाळताना तिला सुरकुत्या पडतात. कुंचला स्थिर धरून वाडगाच हळूहळू फिरवायचा. सेन्सेई म्हणतात, तड्याच्या मागून जा, त्याला सरळ करू नका.

रेघ थोडी ओढली जाईपर्यंत चहा आणि गप्पा. किन्त्सुगीच्या उगमाची गोष्ट सगळीकडे सांगतात. पंधराव्या शतकातला शोगुन, म्हणजे लष्करी शासक, आशिकागा योशिमासा याने तडकलेला चिनी वाडगा बदलून आणायला चीनला पाठवला. तसा वाडगा आता होत नाही म्हणून तोच धातूचे टाके घालून परत आला. हे टाके न आवडल्याने जपानी कारागिरांनी सोन्याची वाट शोधली, असं म्हणतात. पण तो वाडगा, बाकोहान, तोक्योच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. त्यावर आजही टाकेच आहेत आणि त्या टाक्यांसाठीच तो नावाजला जातो. होनामी कोएत्सु (१५५८–१६३७) याच्या सेप्पो या लाल वाडग्याला तर भट्टीतच तडे गेले होते. त्याने ते सोन्याने भरले आणि वाडगा ठेवला.

दुपारी ४

आता सोनं. केशीफुन ही सर्वांत बारीक पूड सोन्याच्या वर्खापासून करतात, आणि जपानचा जवळजवळ सगळा वर्ख या कानाझावातच ठोकला जातो. मिलिमीटरच्या दहा हजाराव्या भागाइतका पातळ. रेशमाच्या मऊ पुंजक्यावर चिमूटभर पूड घेऊन लाल रेघेवरून हलकेच फिरवायची. रेघ सोनं उचलते. उरलेली पूड झटकून कागदावर गोळा करायची. कणही वाया जाऊ द्यायचा नाही.

दिवसातलं सगळ्यात लवकर आटोपलेलं काम हे. खाली डिंक, लांबी, घासणं, पुन्हा लांबी, लाल रेघ. सोनं नुसतं वरच्या कातडीइतकं. खालचं काम कच्चं असेल तर वरचं सोनं ते लपवत नाही, उलट पहिल्या नजरेत दाखवून देतं.

संध्याकाळी ५

कुंचले पाण्याने नव्हे, तेलाने धुवायचे. हातांनाही आधी तेल, मग साबण. उरलेले दोन वाडगे आणि पेलाही मुरोत गेले.

पर्यटकांसाठीच्या बऱ्याच कार्यशाळांत तास-दोन तासांत सोनेरी भांडं हातात देतात. तिथे इपॉक्सी आणि पितळेची पूड असते, किंवा काजूच्या टरफलाच्या तेलापासून केलेली नवी लाख. कोकणात टरफल भाजताना हात काळे करणारं तेच तेल. त्या दुरुस्तीत काही वाईट नाही, पण ते भांडं शोभेचं. त्यातून खाता-पिता येईल असं धरून चालू नये. पूर्ण मुरलेली उरुशी मात्र खाण्यापिण्याला चालते. फक्त मायक्रोवेव्ह नको आणि काथ्या नको.

संध्याकाळी ६:३०

कुणी जपानला जाणार असेल आणि हे करायचं असेल, तर नाव नोंदवण्याआधी दोनच गोष्टी विचाराव्यात: उरुशी खरी आहे का, आणि कोणता टप्पा शिकवणार. भांडं घेऊन परतायचा आग्रह सोडला तर एका दिवसातही पुष्कळ शिकता येतं.

आणि घरी एखादा आवडता कप फुटला, तर बाजारातला गोंद घाईने लावू नका. तो खरवडून काढण्यातच पुढे कारागिराचा वेळ जातो. सगळ्या कपच्या, अगदी तांदळाच्या दाण्याएवढ्यासुद्धा, वेचा, धुवून कोरड्या करा आणि एका डब्यात ठेवून द्या. तडकलेली कपबशी घरात नको म्हणतात, पण या डब्याला घरात जागा द्यावी. एवढं केलंत तर दुरुस्तीचा पहिला टप्पा तुम्हीच पार पाडलेला असेल.