सहा इंजिनांची पाणबुडी

नेताजींनी जर्मनीहून पूर्वेकडे पाणबुडीतून केलेला प्रवास आपल्याकडे शाळकरी मुलांनाही ठाऊक असतो. ती पाणबुडी कोणती होती, कुणी बांधली, तिचं पुढे काय झालं, हे मात्र फार थोड्यांना सांगता येतं. गोष्टीत ती येते तेवढ्यापुरती, टांग्यासारखी. नेताजींना उतरवते आणि दिसेनाशी होते. तिचं नाव ‘यू-१८०’. तिची हकीकत सुरू होते ती ब्रेमेनच्या गोदीत, आणि इंजिनांपासून.

जर्मन नौदलाची नेहमीची पाणबुडी म्हणजे ‘प्रकार सात’. साधारण ६७ मीटर लांब आणि अटलांटिकमधल्या शिकारीसाठी पुरेशी. दूरच्या समुद्रांसाठी त्याहून मोठा ‘प्रकार नऊ’ होता. त्यातल्याच ‘नऊ-डी’ या उपप्रकारात पाणबुडी ८७ मीटरच्या पुढे गेली. एवढी लांबी हवी होती ती इंधनासाठी. युरोपातून निघून आफ्रिकेला वळसा घालायचा, हिंदी महासागरात वावरायचं आणि परत यायचं, तर पोटात तेल तेवढं मावायला हवं.

पाणबुडी हे नाव तसं फसवं आहे. त्या काळची पाणबुडी बहुतेक वेळ पाण्यावरूनच चाले. वर असताना डिझेल इंजिनं तिला पुढे रेटत आणि बॅटऱ्याही भरत. बुडी मारली की डिझेल बंद आणि विजेच्या मोटारी सुरू. कारण डिझेलला हवा लागते आणि पाण्याखाली ती कुठून आणणार? बॅटरीवर फार लांब जाता येत नसे आणि वेगही जेमतेम मिळे. त्यामुळे पाण्यावरचा वेग हेच तिचं मोठं बळ होतं. तो वाढवावा, इतका की पाठलाग करणाऱ्या जहाजांना सहज गाठता येऊ नये, या विचारातून ‘नऊ-डी-१’ जन्माला आली.

त्यासाठी अभियंत्यांनी धाडसच केलं. नौदलाच्या वेगवान हल्लाबोटींवर मर्सिडीज-बेंझची वीस सिलिंडरांची डिझेल इंजिनं वापरात होती. तसली सहा इंजिनं त्यांनी एका पाणबुडीत बसवली. प्रत्येकाची ताकद सुमारे १,५०० अश्वशक्ती, म्हणजे एकूण ९,०००. नेहमीच्या ‘नऊ’ला दोन इंजिनं असत आणि ती तिला १८ नॉटच्या आसपास नेत. ही नवी पाणबुडी कागदावर २० नॉटच्या वर जात होती. अशा दोनच बांधल्या गेल्या, यू-१८० आणि यू-१९५. पहिली १० डिसेंबर १९४१ रोजी पाण्यात उतरली आणि १६ मे १९४२ रोजी सेवेत दाखल झाली. कप्तान होते वेर्नर मुझेनबेर्ग.

मोकळ्या बोटीवर थोडा वेळ सुसाट पळायला बनवलेलं इंजिन बंद पोलादी नळीत महिनोन्‌महिने चालवलं की काय होतं, हे लवकरच कळलं. इंजिनं तापत, आणि धूर एवढा ओकत की पाणबुडीचा माग लांबूनही लागावा. लपणं हाच जिचा धर्म, तिच्या डोक्यावर धुराची शेंडी! वेगाच्या हव्यासापायी पाणबुडीचा मूळ गुणच पणाला लागला होता.

हीच पाणबुडी ९ फेब्रुवारी १९४३ रोजी कील बंदरातून निघाली. सुभाषचंद्र बोस आणि त्यांचे सहकारी आबिद हसन तिच्यावर होते. नॉर्वेला निघालेले अभियंते, अशी त्यांची ओळख खलाशांना करून देण्यात आली होती. आत शिरताच नाकात बसला तो डिझेलचा वास. अंथरुणाला, कपड्यांना, पावालाही तोच. राहायला वेगळी खोली नव्हती. ये-जा चालू असलेल्या अरुंद बोळाच्या कडेला निजायची जागा, एवढंच. कोठारात हसन यांना तांदूळ आणि डाळ सापडली, तेव्हा दोघांच्या जेवणाचा प्रश्न थोडा सुटला. नेताजी मात्र जर्मन अधिकाऱ्यांनाही आग्रहाने जेवायला बोलावू लागले आणि हसन यांचा जीव त्या घटत चाललेल्या तांदळात अडकला.

दिवसाचे तास लेखनात जात. नेताजी सांगत आणि हसन उतरवून घेत. ‘द इंडियन स्ट्रगल’ या आपल्या पुस्तकावरचं काम त्यांनी याच बोळात पुढे नेलं. १८ एप्रिलला दक्षिण आफ्रिकेच्या परिसरात यू-१८०ने ‘कॉर्बिस’ हे ८,००० टनांहून मोठं ब्रिटिश तेलवाहू जहाज बुडवलं. त्यावरचे बहुतेक खलाशी जिवाला मुकले. नेताजींच्या प्रवासाच्या गोष्टीत हे जहाज क्वचितच येतं, पण ते यायला हवं. ही प्रवासी बोट नव्हती. नाझी राजवटीचं हे युद्धयंत्र वाटेत आपलं काम करत चाललं होतं.

याच दिवसांत जर्मन पाणबुड्यांची सावली गोव्यापर्यंत पोचली होती. युद्ध सुरू झाल्यावर तीन जर्मन व्यापारी जहाजं तटस्थ पोर्तुगीज मुरगावच्या आसऱ्याला आली होती. त्यांतल्या ‘एहरनफेल्स’वरून पाणबुड्यांना बिनतारी संदेश जातात, असा ब्रिटिशांना संशय होता. ९ मार्च १९४३च्या पहाटे कलकत्त्याहून आलेल्या, बहुतेक मध्यमवयीन हौशी स्वयंसेवकांनी तिच्यावर चढाई केली. तटस्थ बंदरात केलेला हा हल्ला कित्येक वर्षं गुपित राहिला. यू-१८०ला तेव्हा कीलहून निघून महिना झाला होता.

नेताजींना पुढे नेणाऱ्या जपानी पाणबुडीशी यू-१८०ची ठरलेली भेट झाली २६ एप्रिलला, मादागास्करच्या आग्नेयेला. समोर होती जपानची ‘आय-२९’, यू-१८०पेक्षा वीसएक मीटर लांब. पण समुद्र इतका खवळलेला की दोघींना जवळ यायची सोय नव्हती. लाटेने एक दुसरीवर आदळली असती तर दोघीही गेल्या असत्या. दोघी काही काळ बरोबरीने चालत राहिल्या. अखेर २८ एप्रिलला मध्ये दोर टाकला गेला आणि रबरी होडी त्याच्या आधाराने पलीकडे ओढायचं ठरलं. नेताजी आणि हसन तीत उतरले. लाटा अंगावरून जात होत्या. आय-२९च्या डेकवर पाय टेकला तेव्हा दोघेही नखशिखांत भिजलेले होते. जपानी ताफ्याचे प्रमुख मासाओ तेराओका यांनी आपली केबिन नेताजींना दिली. आचाऱ्यांनी मसालेदार करी वाढली. अडीच महिन्यांच्या जर्मन डबाबंद जेवणानंतर ती कशी लागली असेल! मे महिन्याच्या सुरुवातीला आय-२९ सुमात्राजवळच्या साबांगला पोचली.

त्याच दोरावरून उलट दिशेनेही पुष्कळ काही आलं. यू-१८०वर दोन जपानी नौदल अधिकारी चढले आणि बर्लिनमधल्या जपानी दूतावासासाठी दोन टन सोनंही आलं. अधिकाऱ्यांपैकी हिदेओ तोमोनागा हे पाणबुडीरचनेतले तज्ज्ञ होते. पाणबुडीचा तोल आपोआप सांभाळणारी यंत्रणा ही त्यांची कामगिरी. १९४५मध्ये ते यू-२३४मधून मायदेशी निघाले होते. वाटेत जर्मनी शरण गेली, जर्मन कप्तानाने पाणबुडी अमेरिकनांच्या हवाली करायचं ठरवलं आणि तोमोनागांनी आपल्या सहकाऱ्यासह तिच्यातच प्राण सोडले.

परतीच्या वाटेवर, ३ जूनला, यू-१८०ने ‘बोरिस’ हे ग्रीक जहाज बुडवलं आणि जुलैच्या आरंभी ती बोर्दोला लागली. जवळजवळ पाच महिन्यांची ही सफर तिची पहिलीच. तिथे सहा इंजिनांचा प्रयोग संपला. ती काढून दोन साधी डिझेल इंजिनं बसवण्यात आली. वेग गेला. पाणतीरांच्या नळ्याही काढल्या आणि तिची मालवाहू पाणबुडी केली. आता ती २५० टनांच्या आसपास माल नेऊ शकणार होती. वेगासाठी जन्मलेली ही पाणबुडी शेवटी हमाल झाली.

१९४४च्या उन्हाळ्यात मित्रसैन्य फ्रान्समध्ये पुढे सरकू लागलं आणि बोर्दो तळ रिकामा करायची वेळ आली. तिकडे पूर्वेला, २६ जुलैला, लुझोन बेटाच्या उत्तरेला ‘सॉफिश’ या अमेरिकन पाणबुडीने आय-२९ला जलसमाधी दिली. त्यानंतर महिनाभरातच, २० ऑगस्टला, यू-१८० नवे कप्तान रोल्फ रीझेन यांच्या हाताखाली पूर्वेकडे निघाली. २३ ऑगस्टच्या सुमाराला बिस्केच्या उपसागरात, किनाऱ्यापासून फार दूर न जाताच, ती नाहीशी झाली. बहुधा सुरुंगावर आदळली. ५६ माणसं होती, त्यांतला एकही वाचला नाही.

तिची जुळी बहीण यू-१९५ही त्याच सुमारास बोर्दोहून निघाली होती. ती डिसेंबरअखेर आजच्या जाकार्ताला पोचली. मे १९४५मध्ये जर्मनी शरण गेल्यावर जपान्यांनी ती ताब्यात घेतली आणि तिच्यावर ‘आय-५०६’ हा क्रमांक चढवला. ऑगस्टमध्ये जपाननेही शस्त्रं खाली ठेवली तेव्हा ती जावा बेटावरच्या सुराबाया बंदरात उभी होती.