मोजणीचा दगड आणि मालकीचा हक्क

बांधावरून भाऊबंदांत वाद उपस्थित झाला म्हणजे पहिली धाव बहुधा तलाठ्याकडे असते. हाती उतारा आला, त्यावर आपले नाव दिसले, की निकाल आपल्याच बाजूचा, असे पुष्कळांना वाटते. पुढे न्यायालयात तोच उतारा अपुरा ठरतो. आणि त्याचे कारण उमगेपर्यंत पैसा गेलेला असतो व नातेही तुटलेले असते. हे कारण समजून घ्यावयाचे तर मोजणी मुळात कशासाठी झाली, हे पाहिले पाहिजे.

मुंबई इलाख्यात गोल्डस्मिड व विंगेट या अधिकाऱ्यांनी 1835 च्या सुमारास इंदापूर तालुक्यातून नव्या पद्धतीच्या भूमापनास आरंभ केला. 1847 च्या संयुक्त अहवालाने त्याचे नियम निश्चित झाले. त्या वेळी इलाख्यात असलेल्या बेळगाव जिल्ह्यालाही हीच पद्धत लागू झाली. मोजणीची साखळी 33 फुटांची व तिचे आणे 16. एक साखळी लांब व एक साखळी रुंद जमीन म्हणजे 1 गुंठा आणि असे 40 गुंठे म्हणजे 1 एकर. प्रत्येक शेताला क्रमांक मिळाला, हद्दीवर दगड रोवले गेले, नकाशे तयार झाले. परंतु या साऱ्या खटाटोपाचा हेतू सारा ठरविणे हा होता. वहीतले नाव सारा देण्यास जबाबदार असलेल्याचे असे. हक्कनोंदणीचा स्वतंत्र कायदा इलाख्यात आला तो 1903 साली.

म्हणून जमिनीच्या वादात दोन प्रश्न वेगळे ठेवावे लागतात. जमीन कोठे संपते, हा पहिला; ती कोणाची, हा दुसरा.

पहिल्या प्रश्नाला मोजणी उत्तम उत्तर देते. सरकारी अधिकाराने तयार झालेला नकाशा बिनचूक आहे, असे न्यायालय गृहीत धरते. 1872 च्या पुरावा कायद्यातील हे तत्त्व 1 जुलै 2024 पासून अमलात आलेल्या नव्या कायद्यातही कायम आहे. मात्र खटल्यासाठीच मुद्दाम काढलेला नकाशा अचूक असल्याचे सिद्ध करावे लागते. शिवाय मोजणी मूळ भूमापनातील कायम खुणांवरून व्हावयास हवी. बांध नांगराच्या फाळाबरोबर सरकतो. त्याच्यावरून सुरू केलेली मोजणी चुकीचीच हद्द दाखवील. हद्दीचा उलगडा जागेवर गेल्यावाचून होत नसेल, तर न्यायालय दिवाणी प्रक्रिया संहितेनुसार आयुक्त नेमून पाहणी करवू शकते.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर खरेदीखत, वाटणीपत्र, मृत्युपत्र व वारसा यांत शोधावे लागते. समजा, वडिलांच्या पश्चात वडील भावाचे नाव एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, म्हणजेच ‘ए. कु. मॅ.’, म्हणून उताऱ्यास लागले. तेवढ्याने धाकट्याचा हिस्सा बुडत नाही. फेरफाराच्या नोंदीने मालकी निर्माणही होत नाही व नष्टही होत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये सांगितले; 2021 मध्ये मध्य प्रदेशातील एका प्रकरणात मृत्युपत्राच्या आधारे हक्क सांगणाऱ्यास त्याने दिवाणी न्यायालयाचीच वाट दाखविली.

मग उतारा निरुपयोगी आहे काय? तसे मुळीच नाही. महाराष्ट्राचा 1966 चा, कर्नाटकाचा 1964 चा व गोव्याचा 1968 चा जमीन महसूल कायदा हक्कनोंदणीतील नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानतो. ती खोटी म्हणणाऱ्यावर पुराव्याचा भार पडतो. कब्जा व वहिवाट दाखविण्यास ती फार उपयोगी पडते. परंतु समोरून पक्के खरेदीखत आले, तर केवळ नोंदीच्या बळावर मालकी टिकविता येत नाही. गोव्यात तर मुक्तीनंतरच्या भूमापनातील ‘एक व चौदा’च्या उताऱ्यासमोर पोर्तुगीज काळातील जमीन-नोंदणीचे दाखलेही मांडले जातात.

तात्पर्य, मोजणीची नोटीस आली की जागेवर हजर राहावे, हरकत असल्यास मुदतीत लेखी द्यावी आणि जुनी दस्तऐवजे जपून ठेवावीत. मुख्य म्हणजे, वाटणी झाली की ती वडीलधाऱ्यांच्या हयातीतच कागदावर आणून नोंदवून घ्यावी. दगड हद्द सांगतो. ती जमीन आपल्याकडे कशी आली, हे कागदानेच सांगावे लागते.